उक्त्या कामाचे संगीत

समांतर चित्रपटांचा गौरव करताना दिग्दर्शकांची नावे आवर्जून घेतली जातात. त्या चित्रपटांचा भार कोणी सोसला, हे मात्र क्वचितच विचारले जाते. संगीतकार वनराज भाटिया (१९२७-२०२१) यांची कारकीर्द त्या दृष्टीने तपासण्याजोगी आहे.

लंडनच्या रॉयल अकॅडमीत आणि पॅरिसला नादिया बुलांजे यांच्याकडे शिकलेल्या, दिल्ली विद्यापीठात पाश्चात्त्य संगीतशास्त्र शिकवलेल्या या मुंबईकराने जाहिरातींसाठी हजारो जिंगल्स रचल्या. ‘अंकुर’ (१९७४), ‘भूमिका’ (१९७७), ‘जाने भी दो यारो’ (१९८३) यांचे संगीतही त्यांचेच. साबण विकणाऱ्या भांडवलाने, नकळत का होईना, सरंजामशाहीविरोधी चित्रपटांच्या पार्श्वसंगीताला अनुदान दिले, असे म्हणावे लागते!

‘मंथन’साठी (१९७६) गुजरातेतील पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये दिले. सहकाराचा हा प्रयोग अभिमानास्पदच. परंतु भांडवल सहकारी झाले म्हणून कलावंताच्या मोबदल्याचा प्रश्न आपोआप सुटत नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार, वेगळा करार नसेल तर, चित्रपटासाठी मोबदला देऊन करवून घेतलेल्या संगीताचा पहिला मालक निर्माता ठरतो, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९७७ मध्ये दिला. म्हणजे उक्ते काम: मजुरी घ्या आणि मोकळे व्हा.

ज्या चित्रपटांना पैसाच मिळत नाही, तेथे रॉयल्टी कशाची, असा आक्षेप घेतला जातो. तो अपुरा आहे. असे चित्रपट प्रथम मार खातात, पण दीर्घायुषी असतात. पुनरुज्जीवित ‘मंथन’ २०२४ मध्ये कान महोत्सवात दाखवला गेला. उत्पन्न उशिरा येते, आणि एकरकमी बिदागी घेतलेल्याचा त्यात वाटा नसतो.

२०१२ च्या दुरुस्तीने संगीतकाराचा रॉयल्टीचा हक्क अहस्तांतरणीय केला. त्यातूनही चित्रपटगृहातील प्रदर्शन वगळले गेले. त्याच वर्षी भाटियांना पद्मश्री मिळाली. तेव्हा ते ८४ वर्षांचे होते. २०१९ मध्ये त्यांच्या आर्थिक हलाखीच्या बातम्या वृत्तपत्रांतून आल्या आणि मदतीसाठी आवाहने झाली.

सार्वजनिक पैशातून जे चित्रपट निघतात, त्यांच्या करारात तरी संगीतकाराचा पुढील उत्पन्नातील हिस्सा आणि भविष्यनिर्वाह निधीसारखी तरतूद सक्तीची असावी. चित्रपट कामगारांच्या संघटनांनी वेतनाच्या मागण्यांबरोबर हे कलमही पुढे रेटावयास हवे.