सही करण्याआधी वादाचं कलम वाचा



मागच्या हंगामात आमच्या भागातल्या एका ग्रामसभेची तेंदूपत्त्याची रॉयल्टी ठेकेदाराने अडकवली. मजुरी फळीवर मिळाली, रॉयल्टीचा पहिला हप्ता मिळाला, बाकीचा नाही. पावसाळा गेला, दिवाळी गेली. ग्रामसभेने वकिलामार्फत नोटीस पाठवली तर उलट उत्तर आलं: करारात लवाद आहे, तुम्हाला कोर्टात जाता येत नाही, आमचा लवाद नागपूरला बसेल, तिथे या. हे उत्तर बैठकीत वाचलं तेव्हा सगळे गप्प. नागपूरला जायचं म्हणजे गाडीभाडं, वकील, मुक्काम. कोण जाणार आणि कितीदा?

मग आम्ही करारनामा पुन्हा काढला. सगळी पानं भाव, पुडे, हप्ते यांची. ती आम्ही सही करताना बोटाने ओळ धरून वाचली होती. शेवटच्या पानावरच्या दोन ओळी मात्र कोणीच वाचल्या नव्हत्या, आम्हीपण नाही. तिथे लिहिलं होतं की वाद झाल्यास दोघांनी आपसात मिटवावा, "आणि उभय पक्षांना मान्य असेल तर" तो लवादाकडे देता येईल.

मान्य असेल तर. ग्रामसभेला मान्य नाही. मग?

मग तो लवादाचा करारच नाही. हे आमच्या मनचं नाही. २००७ साली सुप्रीम कोर्टापुढे अशाच शब्दांचं कलम आलं होतं, भागीदारीच्या करारातलं. पक्षांनी तसं ठरवलं तर वाद लवादाकडे जाईल, असं त्यात होतं. कोर्ट म्हणालं, पुढे वाटलं तर ठरवू असं लिहिणं म्हणजे आज बांधून घेणं नव्हे. कलमात 'लवाद' शब्द आहे एवढ्याने तो लवादाचा करार होत नाही.

याची दुसरी बाजूपण ध्यानात ठेवा, नाहीतर फसाल. 'लवाद' शब्द कुठेच नसला तरी लवादाचा करार होऊ शकतो. १९८० साली सुप्रीम कोर्टाने दोन खटल्यांत दोन वेगळे निकाल दिले. उत्तर प्रदेशातल्या सरकारी बांधकामाच्या करारात अधीक्षक अभियंत्याचा निर्णय अंतिम, असं कलम होतं. कोर्ट म्हणालं, हा अभियंता कामावर देखरेख करायला आहे, दोघांचा वाद ऐकून न्याय द्यायला नाही. हा लवाद नव्हे. जबलपूरच्या खाणपट्ट्याच्या करारात मात्र लिहिलं होतं की दोघांत मतभेद किंवा वाद झाला तर तो पट्टा देणाऱ्याने ठरवायचा आणि त्याचा निर्णय अंतिम. तिथे कोर्टाने लवाद मानला. म्हणजे 'साहेबांचा निर्णय अंतिम' असं दिसलं की लगेच घाबरायचं नाही आणि लगेच हसायचंपण नाही. बघायचं एवढंच: दोघांनी आपला वाद एका माणसापुढे न्यायचाच आणि त्याचा निकाल पाळायचाच, असं आजच कबूल केलं का?

तसं कबूल केलं असेल तर १९९६ च्या लवाद कायद्याचं कलम ८ लागतं. आपण कोर्टात गेलो आणि समोरच्याने आपलं म्हणणं मांडायच्या आधी अर्ज दिला, तर कोर्ट आपल्याला लवादाकडेच पाठवतं. लवादाचा निकाल कोर्टाच्या हुकुमासारखा वसूल होतो. त्याविरुद्ध जायला तीन महिने आणि फार तर वर ३० दिवस, तेही मोजक्याच कारणांवर. करार लेखी लागतो हे खरं, पण 'सोबतच्या अटी-शर्ती लागू' असं लिहून त्या दुसऱ्या कागदातलं लवादाचं कलमपण आपल्या गळ्यात बांधता येतं. म्हणून सोबतचा कागद मागा. दिला नाही तर सही नाही.

काही साथी म्हणतात, लवाद म्हणजे आपला पंचच ना, कोर्टाच्या तारखांपेक्षा बरा. आम्हालाही आधी असंच वाटलं होतं. पण आपला पंच सगळ्या गावापुढे बसतो, दोन्ही घरं त्याला माहीत असतात, आणि त्याला एका बाजूने नेमलेलं नसतं. ठेकेदाराच्या कलमातला लवाद ठेकेदार नेमतो. कायदापण हे मानत नाही. २०१५ च्या दुरुस्तीपासून एका पक्षाचा नोकर किंवा सल्लागार लवाद होऊ शकत नाही, आणि २०१९ साली सुप्रीम कोर्टाने म्हटलं की ज्याचं हित गुंतलंय त्याने एकट्याने एकमेव लवाद नेमायचा नाही. यात एक चोरवाट आहे. वाद झाल्यावर आपणच लेखी दिलं की आमची हरकत नाही, तर नोकर-सल्लागारालाही लवाद होता येतं. तेव्हा दिवाणजी कोरा कागद घेऊन आला तर अंगठा देऊ नका, मग चहा कितीही पाजू दे.

२००६ च्या वनहक्क कायद्याने तेंदू आणि बांबूवर आपली मालकी मान्य केली. २०११ साली मेंढा-लेखाच्या ग्रामसभेच्या हाती बांबूच्या वाहतूक पासाचं पुस्तक आलं, त्यासाठी किती वर्षं गेली हे सगळ्यांना माहीत आहे. माल आपला, लिलाव आपला, मग करारनामा ठेकेदाराच्या घरून टाइप होऊन काहून येतो? आमचं मत असं की मसुदा ग्रामसभेनेच करावा. त्यात लिहावं: वाद आधी ग्रामसभेत बसून बोलू, नाही मिटला तर आपल्या जिल्ह्याच्या दिवाणी कोर्टात जाऊ. लवादाचं कलम ठेवूच नये. ठेवायचंच झालं तर लवाद दोघांच्या संमतीचा, बैठक तालुक्याच्या गावी आणि भाषा मराठी, एवढं तरी लिहून घ्यावं.

त्या ग्रामसभेने दिवाणी कोर्टात दावा टाकला आहे. ठेकेदाराने कलम ८ चा अर्ज दिला आहे, त्यावर सुनावणी व्हायची आहे. त्या दिवशी तालुक्याला जितके जाता येईल तितके जाऊ. आणि या हंगामाचे करारनामे ज्या गावांत आले असतील त्यांनी सहीच्या आधी शेवटचं पान पुढच्या बैठकीत घेऊन यावं.

जय सेवा.