नाव झाले कुणाचे?

यंदाच्या स्नेहसंमेलनात एकांकिकेत काम करू का, असे मी घरी विचारले. आमच्या घरातून कॉलेजची पायरी चढलेली मी पहिलीच. वडील काही बोलले नाहीत. आजी म्हणाली, "कर की, पर छापील कागदावर आपलं नाव येऊ देऊ नगंस."

मला गुलाबबाई आठवल्या.

बाबूराव पेंटर हे नाव कोल्हापुरात कुणाला सांगावे लागत नाही. गुलाबबाईंचे सांगावे लागते. १९१३ साली फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'मधील तारामती अण्णा साळुंके या पुरुषाने रंगवली होती. त्याच वर्षी दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये काम करण्याचे धाडस केले. पुढे १९२० साली बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने 'सैरंध्री' काढला, त्यात गुलाबबाई व अनसूयाबाई उभ्या राहिल्या. समाजाने दोघींना वाळीत टाकले. त्यांना कंपनीच्या आवारातच आसरा घ्यावा लागला. पडद्यावर त्या 'कमलादेवी' व 'सुशीलादेवी' झाल्या.

कुणी म्हणेल, कलावंत नाव बदलतातच; खुद्द बाबूरावांचे आडनाव मेस्त्री होते. मान्य! पण 'पेंटर' या नावाने बाबूरावांची कला लोकांपुढे आली. 'कमलादेवी' या नावामागे मात्र गुलाबबाई झाकल्या गेल्या, असे मला वाटते. ज्या कंपनीला सुरुवातीस गायिका तानीबाई कागलकर यांनी पैसा पुरवला, तिच्या इतिहासात बायकांची नावे शोधावी लागावीत, हे आपल्या कलापुराला शोभते काय?

१९२५ साली याच कंपनीचा 'सावकारी पाश' आला. देवादिकांच्या कथा बाजूला ठेवून कर्जापायी जमीन गमावलेल्या, शहराची वाट धरणाऱ्या शेतकऱ्याची कथा त्यात होती. शेतकरी झाले होते व्ही. शांताराम. कलावंतांत कमलादेवीही होत्या. तो मूकपट आज उपलब्ध नाही. तीन वर्षांनी फ्रान्समध्ये जोन ऑफ आर्कवर मूकपट निघाला. त्याचेही मूळ निगेटिव्ह जळाले. पण १९८१ साली नॉर्वेतील एका मनोरुग्णालयाच्या कपाटात त्याची प्रत सापडली आणि फाल्कोनेत्ती या नटीचा चेहरा जगाने पुन्हा पाहिला. आपल्या गुलाबबाईंसाठी असे कपाट कुठे उघडेल, कोण जाणे! चेहरा हाती नाही. नाव तरी आहे. म्हणून कोल्हापुरात सिनेमावर भाषणे होतील तेव्हा गुलाबबाई आणि अनसूयाबाई ही नावे मोठ्याने घेतली जावीत, एवढेच माझे मागणे आहे.

एकांकिकेच्या पत्रिकेवर मी माझे नाव आडनावासकट छापायला सांगितले. आजी दोन दिवस बोलली नाही. तिचा राग मला समजतो. वाळीत टाकणे म्हणजे काय, हे तिला माझ्यापेक्षा अधिक ठाऊक आहे. पण ती पत्रिका तिने टाकून दिली नाही. देव्हाऱ्यातल्या पोथीखाली घडी घालून ठेवली आहे.