हदगावात काँग्रेसचे यश परावलंबीच

हदगाव विधानसभा मतदारसंघात काँग्रेसला पराभव नवा नाही. १९९५ पासून सलग तीनदा शिवसेनेचे सुभाष वानखेडे येथून विजयी झाले. २००९ मध्ये ते लोकसभेवर गेले आणि माधवराव पाटील जवळगावकर यांच्या रूपाने काँग्रेस परतली. केंद्राची २००८ ची शेतकरी कर्जमाफी तेव्हा ताजी होती. धोरणाच्या बळावर मते मागण्याची पक्षाची ती बहुधा अखेरचीच संधी ठरली.

२०१४ मध्ये नागेश पाटील आष्टीकर यांनी ही जागा पुन्हा शिवसेनेकडे नेली. २०१९ मध्ये अपक्ष बाबुराव कदम कोहळीकर दुसऱ्या, तर आष्टीकर तिसऱ्या क्रमांकावर राहिले. या मतविभागणीतून जवळगावकर पुन्हा आमदार झाले. पक्षाने मात्र त्याला जनाधार मानले.

शिवसेना फुटल्यावर काँग्रेसचा लाभ व्हावयास हवा होता. परंतु एका गटाशी आघाडी होताच तिरंगी लढतीचा आधारच गेला. २०२४ मध्ये हिंगोली लोकसभेची जागा मित्रपक्षाला सुटली व आष्टीकरांनी शिंदे गटाच्या कोहळीकरांना हरविले. त्याच कोहळीकरांनी नोव्हेंबरमध्ये जवळगावकरांचा पराभव केला. लाडक्या बहिणींच्या खात्यात दीड हजार रुपये जमा होत असताना आघाडीचे तीन हजारांचे आश्वासन कागदावरच होते.

अशोक चव्हाण फेब्रुवारीतच भाजपमध्ये गेले होते. तरीही नांदेड लोकसभेची पोटनिवडणूक काँग्रेसने १,४५७ मतांनी जिंकली; त्याच दिवशी मतदान झालेल्या जिल्ह्यातील नऊही विधानसभा जागा मात्र महायुतीकडे गेल्या.