मुख्याध्यापकाची खुर्ची : हक्क संस्थेचा की समाजाचा?

आपल्या एखाद्या उर्दू हायस्कूलचे मुख्याध्यापक निवृत्त होतात. निरोप समारंभ होतो, शाल घातली जाते, भाषणे होतात. त्याच आठवड्यात स्टाफरूममध्ये दोन गट पडतात. सर्वांत जुने सर म्हणतात, ज्येष्ठता माझी आहे. कमिटी म्हणते, संस्था अल्पसंख्याक आहे, आम्हाला हवा तो माणूस नेमू. मग शिक्षणाधिकाऱ्यांकडे अर्ज, तिथून न्यायाधिकरण, तिथून हायकोर्ट. तोवर शाळा प्रभारींच्या सह्यांवर चालते आणि दहावीची मुले हे सारे बघत असतात.

कायदा काय म्हणतो ते आधी पाहू. महाराष्ट्रातील खाजगी शाळांना १९७७ चा कायदा आणि १९८१ ची सेवाशर्ती नियमावली लागू आहे. नियम ३ प्रमाणे मुख्याध्यापकपद सर्वांत ज्येष्ठ, पात्र आणि समाधानकारक सेवा असलेल्या शिक्षकाला द्यायचे असते. माध्यमिक शाळेसाठी पदवीनंतर पाच वर्षांचा अध्यापनाचा अनुभव लागतो आणि त्यातली किमान दोन वर्षे बी.एड. नंतरची असावी लागतात.

बहुतेक भांडणे ज्येष्ठतेच्या तारखेवरून होतात. आधी नोकरीला लागला तो ज्येष्ठ, असे आपण धरून चालतो. पण माध्यमिक शाळेत शिक्षकांचे अर्हतेप्रमाणे प्रवर्ग आहेत. सेवेत असताना कोणी पात्रता वाढवली, तर ती मिळवल्याच्या तारखेपासून त्याला वरच्या प्रवर्गात जागा मिळते. त्यामुळे आधी रुजू झालेले सर यादीत खाली असू शकतात. एकाच प्रवर्गात नेमणुकीची तारीखही सारखी असेल, तर वयाने मोठा तो ज्येष्ठ.

अल्पसंख्याक शाळेचे प्रकरण वेगळे आहे. १९७७ च्या कायद्याच्या कलम ३(२) ने अशा शाळेच्या प्रमुखाची भरती या कायद्यातून वगळली आहे. केरळमधील एका मुस्लिम शाळेच्या खटल्यात १९९८ साली सुप्रीम कोर्टाने हेच तत्त्व मानले. पात्र व्यक्तीला मुख्याध्यापक नेमण्याचे स्वातंत्र्य व्यवस्थापनाला आहे, ज्येष्ठतेचे बंधन त्यावर घालता येत नाही. २००६ मध्ये एका ख्रिश्चन कॉलेजच्या प्राचार्यपदाबाबतही तसाच निकाल आला. म्हणजे कमिटीचे म्हणणे कायद्याने खोटे नाही.

माझा प्रश्न त्याच्या पुढचा आहे. संविधानाच्या कलम ३० ने हा हक्क दिला तो अल्पसंख्याक समाजाला, आपली शाळा आपल्या पद्धतीने चालवता यावी म्हणून. कमिटी ही त्या हक्काची अमानतदार आहे, मालक नाही. ज्येष्ठ सरांना प्रशासन जमत नाही, दुसऱ्या मॅडमनी शाळेचा निकाल सुधारला, म्हणून त्यांना नेमले, तर त्याला माझा पाठिंबा आहे. पण अध्यक्षांचा मेहुणा पात्र ठरला म्हणून तो खुर्चीत बसत असेल आणि कोणी विचारले की कलम ३० दाखवले जात असेल, तर ती अमानतीत खयानतच आहे. असा प्रत्येक प्रसंग आपल्या हक्काविरुद्ध बोलणाऱ्यांच्या हाती एक दाखला देतो.

इतर शाळांत डावललेला शिक्षक तीस दिवसांत शाळा न्यायाधिकरणात अपील करू शकतो. अल्पसंख्याक शाळेतल्या शिक्षकासाठी ती वाट फार अरुंद आहे. म्हणूनच जे कोर्ट करू शकत नाही, ते संस्थेने स्वतःहून करायला हवे. सूट आहे ती भरतीपुरती. ज्येष्ठता यादी करून ती शिक्षकांना दाखवण्याचा आणि सह्या घेण्याचा नियम १२ आपल्यालाही सुटलेला नाही. यादी दरवर्षी द्या. पद रिकामे होण्याच्या सहा महिने आधी मुलाखती घ्या, बाहेरचा एक जाणकार शिक्षक बसवा. ज्येष्ठाला वगळले तर कारण लेखी द्या. यातले काहीही खर्चाचे नाही.

शिक्षकांनाही सांगणे आहे. यादीवर न वाचता सही करू नका. चूक दिसली तर त्याच वर्षी लेखी हरकत घ्या. वीस वर्षे गप्प राहून शेवटच्या वर्षी भांडणे कठीण जाते. पात्रतेचेही तसेच. १ सप्टेंबर २०२५ च्या निकालात सुप्रीम कोर्टाने पहिली ते आठवीच्या सेवेतील शिक्षकांना टीईटी आवश्यक ठरवली आणि पदोन्नतीसाठी ती कोणालाच माफ केली नाही. अल्पसंख्याक शाळांचा प्रश्न त्याच निकालात मोठ्या खंडपीठाकडे सोपवला गेला. तो कसाही सुटो, ज्यांना पुढे मुख्याध्यापक व्हायचे आहे त्यांनी त्याच्या भरवशावर बसू नये. परीक्षा देऊन मोकळे व्हावे.

आपल्या शाळा आपल्या आजोबांनी वर्गणी काढून उभ्या केल्या. तिथला मुख्याध्यापक कोण आणि का, हे विचारण्याचा अधिकार तिथे मूल पाठवणाऱ्या प्रत्येक पालकाला आहे. पुढच्या पालकसभेत तो विचारा.