ओठ फडफडतो? आधी चहा मोजा

ओठ फडफडू लागला की कुणी शकुन पाहतो, कुणी दवाखान्यात येऊन ताकदीचे इंजेक्शन मागतो. माझ्या मते दोन्ही व्यर्थ. बहुतेक वेळा कारण जागरण, काळजी आणि दिवसाकाठी ८-१० कप चहा एवढेच असते. चहा २ कपांवर आणा, पुरेसे झोपा. फडफड बहुधा आपोआप थांबते. सोबत बोटे वळत असतील, तोंडाभोवती मुंग्या येत असतील तर रक्तातील कॅल्शियम तपासून घ्यावे. उलटीवरच्या काही गोळ्यांनीही तोंड वेडेवाकडे होते. दुकानातून परस्पर आणू नयेत. मात्र ओठ अचानक एका बाजूला लोंबला, बोलणे अडखळले, तर ‘वारे गेले’ म्हणून तेल चोळत बसू नका. थेट सीटी स्कॅनची सोय असलेल्या रुग्णालयात न्या. पक्षाघातात गुठळी विरघळवणारे इंजेक्शन साधारण पहिल्या साडेचार तासांतच देता येते.