विहीर कोणाची, दंड कोणाला?



भाव, वीज आणि कर्ज या नेहमीच्या विषयांच्या जोडीला या जिल्हा बैठकीत आम्ही एक वेगळा विषय ठेवत आहोत. विषय आहे पर्यावरणाच्या कायद्याचा. हा शहरातल्या शिकल्यासवरल्या लोकांचा विषय, आपला त्याच्याशी काय संबंध, असे पुष्कळांना वाटेल. संबंध काय आहे ते दोन दरपत्रके शेजारी-शेजारी ठेवली म्हणजे कळेल.

पहिले दरपत्रक कारखानदाराचे. पाण्याच्या प्रदूषणाच्या कायद्यात नदी-नाल्यात विषारी पाणी सोडणाऱ्याला दीड ते सहा वर्षे तुरुंगवासाची शिक्षा होती. २०२४ साली संसदेने दुरुस्ती करून ती काढून टाकली. आता दंड आहे, कमीत कमी दहा हजार आणि जास्तीत जास्त पंधरा लाख रुपये.

दुसरे दरपत्रक शेतकऱ्याचे. दिल्लीच्या आसपासच्या राज्यांत भाताचे काड जाळणाऱ्या शेतकऱ्याला द्यावी लागणारी रक्कम नोव्हेंबर २०२४ मध्ये केंद्र सरकारने दुप्पट केली. दोन एकरांच्या आतल्याला पाच हजार, दोन ते पाच एकरवाल्याला दहा हजार, पाच एकरांच्या वरच्याला तीस हजार.

म्हणजे कारखानदाराचा दंड दहा हजारांपासून सुरू होतो आणि सहा एकरवाल्या शेतकऱ्याचा तीस हजारांपासून! कारखानदाराच्या बाबतीत किती नुकसान झाले, का झाले याचा विचार करून अधिकारी आकडा ठरवणार. शेतकऱ्याचा आकडा आधीच छापून ठेवलेला आहे. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ती हीच.

पहिला कायदा कोणासाठी झाला?

पर्यावरणाच्या कायद्याची सुरुवात १९७२ च्या स्टॉकहोम परिषदेपासून झाली, असे पुस्तकात लिहिलेले असते. शेतकऱ्याची आठवण त्याहून जुनी आहे. त्याच्या गावात हा कायदा शंभर वर्षे आधीच येऊन पोचला होता. येताना त्याच्या अंगावर खाकी कपडे होते आणि त्याचे नाव होते जंगलखाते.

इंग्रजांनी १८६४ साली जंगलखाते काढले, १८६५ साली पहिला कायदा केला आणि १८७८ च्या कायद्याने डोंगर, कुरणे, जंगले राखीव करण्याचा सपाटा लावला. रेल्वेच्या रुळांखाली घालायला सागवान आणि साल हवा होता, हे त्यामागचे मोठे कारण. लाकूड सरकारचे झाले आणि त्याच जंगलात गुरे चारणारा, सरपण वेचणारा गावकरी एका रात्रीत गुन्हेगार ठरला. महात्मा जोतीराव फुल्यांनी १८८३ साली 'शेतकऱ्याचा असूड' लिहिला, त्यात जंगलखात्याने डोंगर आणि गायराने अडवून शेतकऱ्याच्या गुराढोरांचे कसे हाल केले, ही तक्रार रोखठोक मांडली आहे. १९२७ साली या कायद्याची नवी आवृत्ती निघाली. स्वातंत्र्य आले तरी ती गेली नाही. जंगलात राहणाऱ्यांवर ऐतिहासिक अन्याय झाला, एवढे कबूल करायला सरकारला २००६ सालचा वनहक्क कायदा करावा लागला. १८७८ ते २००६. एक कबुली द्यायला १२८ वर्षे!

निसर्गाच्या नावाने पहिला बडगा पडला तो असा गावावर. पुढच्या कायद्यांचा इतिहास वाचताना ही गोष्ट विसरून चालणार नाही.

कागदावर वाघ

कारखान्याच्या घाणीविरुद्धचा कायदा पुष्कळ उशिरा आला. त्यात आपला महाराष्ट्र पुढे होता, हे मान्य केले पाहिजे. देशाचा कायदा व्हायच्या पाच वर्षे आधी, १९६९ साली, महाराष्ट्राने जलप्रदूषण प्रतिबंधाचा स्वतःचा कायदा केला आणि १९७० साली मंडळ नेमले. केंद्राचा पाण्याचा कायदा १९७४ चा, हवेचा १९८१ चा. मधल्या काळात, १९७६ साली, बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने पर्यावरणाचे रक्षण हे राज्याचे धोरण आणि नागरिकाचे कर्तव्य म्हणून घटनेत लिहिले गेले.

एवढे सगळे कायदे असताना २ आणि ३ डिसेंबर १९८४ च्या मध्यरात्री भोपाळ घडले. शेतावर मारायची कीटकनाशके बनवणाऱ्या युनियन कार्बाइडच्या कारखान्यातून विषारी वायू सुटला आणि झोपलेली हजारो माणसे मेली. त्यानंतर, १९८६ साली, पर्यावरण संरक्षणाचा मोठा कायदा झाला. भोपाळच्या दाव्याची १९८९ साली ४७ कोटी डॉलरवर तडजोड झाली. कारखान्याच्या हिंदी अधिकाऱ्यांना शिक्षा झाली ती २०१० साली, दोन-दोन वर्षांची, आणि जामीन त्याच दिवशी. आपल्याकडे माणसे मेल्यावर कायदा होतो, आणि तो होईपर्यंत मेलेल्यांचा दावा जुना झालेला असतो.

बिछडीच्या विहिरी

शेतकऱ्याला या कायद्यांतून काय मिळाले, हे पाहायचे तर राजस्थानात उदयपूरजवळच्या बिछडी गावाची हकिगत प्रत्येक गावात सांगितली पाहिजे.

१९८८ साली या गावाजवळ 'एच ॲसिड' नावाचे रसायन बनू लागले. रंग बनवण्यासाठी ते लागते. पश्चिमेकडच्या देशांनी त्याचे उत्पादन आपल्याकडे बंद केले होते, पण माल त्यांना हवाच होता. तेव्हा माल गेला परदेशात आणि घाण राहिली बिछडीत. तयार माल ३७५ टन, त्याच्यामागे विषारी गाळ सुमारे २,४४० टन. रीतसर संमती नसताना कारखाना चालला. गाळ उघड्यावर टाकला, पावसाबरोबर तो जमिनीत मुरला आणि विहिरींचे पाणी काळपट तांबडे झाले. ते माणसाच्या कामाचे राहिले नाही, गुरांच्या नाही, पिकाच्याही नाही.

गावकरी उठले. तेव्हा सरकारने काय केले? पहिल्यांदा गावात १४४ कलम लावले! जानेवारी १९८९ मध्ये कारखाना बंद झाला तो या उठावामुळे, कुठल्या मंडळाच्या तत्परतेमुळे नव्हे.

त्याच वर्षी दावा सर्वोच्च न्यायालयात गेला. नागपूरच्या 'नीरी' संस्थेने जमीन आणि पाणी दुरुस्त करण्याचा खर्च काढला. फेब्रुवारी १९९६ मध्ये निकाल लागला. निकाल मोठा होता. जो घाण करील त्यानेच ती निस्तरण्याचा सगळा खर्च द्यायचा, हे तत्त्व न्यायालयाने या देशात पक्के केले. १९९७ साली रक्कम ठरली, ३७ कोटी ३८ लाख ५० हजार. कारखानदाराने ती भरली नाही. अर्जामागून अर्ज केले. अखेर जुलै २०११ मध्ये न्यायालयाने त्याचे अर्ज फेटाळले आणि तीच रक्कम बारा टक्के चक्रवाढ व्याजाने भरायला सांगितले.

कारखाना चालला एक वर्षाच्या आसपास. दावा चालला बावीस वर्षे. बिछडीत १९८९ साली जन्मलेले पोर या निकालाच्या वेळी लग्नाचे झाले होते.

१९९६ सालीच तामिळनाडूतल्या वेल्लोरच्या चामडे कारखान्यांचा निकाल लागला. तिथे सुमारे ३५,००० हेक्टर शेतजमीन पूर्ण किंवा अंशतः नापीक झाल्याचे न्यायालयासमोर आले. नीट लक्षात घ्या. या देशात पर्यावरणाच्या कायद्याची जी मोठी तत्त्वे आज वकील अभिमानाने सांगतात, त्यांतली बरीचशी शेतकऱ्याच्या नासलेल्या विहिरीतून आणि मेलेल्या जमिनीतून निघाली आहेत. हा कायदा परक्यांचा नाही. त्याची किंमत शेतकऱ्याने आधीच मोजलेली आहे.

दात काढलेला कायदा

आणि आता, इतक्या महागात पडलेल्या या कायद्याचे दात उपटणे चालू आहे. २०२३ च्या 'जनविश्वास' कायद्याने १९८६ च्या पर्यावरण कायद्यातली पाच वर्षांपर्यंतच्या तुरुंगाची शिक्षा काढली आणि तिच्या जागी दहा हजार ते पंधरा लाखांचा दंड आणला. तुरुंग उरला तो दंड न भरणाऱ्यापुरता. पाण्याच्या कायद्याचे तेच झाले. शिवाय काही वर्गांतल्या कारखान्यांना मंडळाच्या संमतीतून सूट देण्याचा अधिकार केंद्राने घेतला. ही पाण्याची दुरुस्ती पहिल्यांदा ज्या राज्यांना लागू झाली त्यांत राजस्थान होते. बिछडीचे राजस्थान! नाव 'जनविश्वास'. जनाने विश्वास कोणावर ठेवायचा, ते मात्र लिहिलेले नाही.

वरातीमागून घोडे हाकण्याचीही सोय झाली. पर्यावरणाची मंजुरी न घेता प्रकल्प उभा केलेल्यांना मागाहून मंजुरी देण्याची वाट २०१७ साली सरकारने काढली. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती बंद केली. नोव्हेंबर २०२५ मध्ये त्याच न्यायालयाने दोन विरुद्ध एक मताने आपला निकाल मागे घेतला. आधी बांधा, मग विचारा! पंजाबच्या शेतकऱ्याने 'आधी काड जाळतो, परवानगी मागाहून घेतो' म्हटले तर चालेल का?

काड जाळायला कोणी लावले?

पंजाबचा शेतकरी धुराच्या हौसेने काड जाळत नाही. गव्हाच्या आणि मक्याच्या या मुलखात भात वाढला तो देशाची कोठारे भरायला सरकारला तांदूळ हवा होता म्हणून. त्यापायी जमिनीतले पाणी खोल गेले. तेव्हा पंजाब सरकारने २००९ साली कायदा केला की १० जूनच्या आधी भाताची लावणी करायची नाही. केली तर हेक्टरी महिन्याला दहा हजार दंड, वीज तोडणार आणि उभे रोप मोडणार. पाणी वाचवण्याचा हेतू खोटा नव्हता. पण लावणी पुढे गेली तशी कापणीही पुढे गेली. भात निघाल्यापासून गहू पेरेपर्यंत हातात राहिले दोन-तीन आठवडे. हार्वेस्टर उभी धसकटे सोडून जातो, ती काढायला मजूर नाही, यंत्राला पैसा नाही, आणि गहू थांबत नाही. म्हणून काडी ओढली जाते.

एका पर्यावरण कायद्याने शेतकऱ्याला कोपऱ्यात ढकलले आणि दुसरा पर्यावरण कायदा त्याला कोपऱ्यात सापडला म्हणून दंड करतो. २०२०-२१ च्या आंदोलनात दिल्लीच्या वेशीवर शेतकरी बसला तेव्हा सरकारने तुरुंगाच्या कलमातून त्याला वगळले. पण २०२१ च्या हवेच्या आयोगाच्या कायद्यात 'पर्यावरणीय नुकसानभरपाई' या गोंडस नावाने वसुली ठेवलीच. ऑक्टोबर २०२४ मध्ये हरियाणाने तर काड जाळणाऱ्याला दोन हंगाम मंडीत माल विकू द्यायचा नाही, असा हुकूम काढला. कारखान्याने नदीत विष सोडले म्हणून त्याचा माल दोन हंगाम बाजारात येऊ दिला नाही, असे कोणी ऐकले आहे?

मग धूर करू द्यायचा काय, असा प्रश्न आम्हाला विचारला जाईल. आमचे उत्तर सरळ आहे. धूर वाईटच. तो पहिल्यांदा शेतकऱ्याच्याच घरात आणि त्याच्याच लेकरांच्या छातीत जातो. उसाचे पाचट जाळू नका, जमिनीत कुजवा, हे आम्ही स्वतः सांगतो. पण काड उचलण्याचा खर्च भाताच्या भावात धरा, मग दंडाची भाषा करा. घाण करील त्याने खर्च द्यावा हे तत्त्व आम्हाला मान्य आहे. ते आधी मळीचे पाणी ओढ्यात सोडणाऱ्याला लावा, मग आमच्या बांधावर या.

बैठकीपुढचे ठराव

पाण्याच्या कायद्यातले २१ वे कलम प्रत्येकाने समजून घ्यावे. मंडळाचा माणूस सांडपाण्याचा नमुना घेतो तेव्हा कारखानदाराला नोटीस देतो आणि त्याच्यासमोर नमुन्याचे दोन भाग करतो. एक भाग मंडळाच्या प्रयोगशाळेचा, दुसरा कारखानदाराने मागणी केली तर दुसऱ्या प्रयोगशाळेसाठी. ज्याची विहीर नासली त्याचा या कलमात पत्ताच नाही. म्हणून आम्ही पुढील ठराव मांडतो.

१. नमुन्याची तिसरी बाटली ग्रामसभेची. नमुना गावच्या पंचांसमोर घ्यावा आणि त्याचा निकाल ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लावावा.

२. प्रदूषणाच्या दंडातून पहिला हिस्सा नासलेल्या विहिरीचा आणि जमिनीचा. उरेल तो सरकारच्या निधीचा.

३. पाण्यात विष सोडणाऱ्याची तुरुंगाची शिक्षा पुन्हा कायद्यात आणावी. महाराष्ट्रात कोणत्याही कारखान्याला संमतीतून सूट देऊ नये.

४. काड किंवा पाचट यांच्या विल्हेवाटीचा खर्च भावात धरल्याशिवाय शेतकऱ्याकडून एक पैसा वसूल करू नये.

ठराव होईपर्यंत हातावर हात ठेवून बसायचे नाही. २०१० च्या कायद्याने झालेल्या हरित न्यायाधिकरणाचे खंडपीठ पुण्याला आहे. विहीर, पीक, जनावर यांच्या नुकसानीची भरपाई मागायला तिथे पाच वर्षांची मुदत आहे. पाणी नासले की त्याच दिवशी पंचनामा करून घ्या, तलाठ्याकडे लेखी अर्ज द्या, पोच घ्या, तारीख टाका. नव्या कारखान्याची जनसुनावणी लागली तर सगळ्या गावाने जायचे आणि आपले म्हणणे कागदावर लिहूनच घरी यायचे. बिछडीच्या लोकांकडे सुरुवातीला यातले काहीच नव्हते, तरी ते उठले. आपल्याकडे त्यांनी मिळवलेला निकाल आहे. तो वापरायला शिकू या.