राखणदाराचीही राखण हवी



आजकाल नागपुरात चौकाचौकांत कॅमेरे आहेत. खेड्यातही किराणा दुकानापुढे, कोठ्यापुढे, संत्र्याच्या बगीच्यात लोक कॅमेरे लावतात. २१ ऑगस्ट २०२४ रोजी महाराष्ट्र शासनाने शाळांतही कॅमेरे लावण्याचा निर्णय काढला. कॅमेरा हा राखणदार आहे. तो झोपत नाही की जेवायला जात नाही. म्हणून तो चांगलाच.

पण कॅमेरा इंटरनेटला जोडला की घरधनी बाजाराला गेला तरी मोबाईलवर आपले घर पाहतो. त्याच वाटेने चोरही पाहू शकतो. मध्ये कुलूप असते ते पासवर्डचे. कित्येक कॅमेऱ्यांना कारखान्यातूनच सोपा पासवर्ड घालून येतो आणि लोक तो तसाच ठेवतात. आजी म्हणते, "कुलूप लावून किल्ली तिथंच टांगली, त कुलूप कायले लावलं?"

फेब्रुवारी २०२५ मध्ये गुजरातेत राजकोटच्या एका दवाखान्यातील बायांची चित्रे कॅमेऱ्यातून चोरून विकली गेल्याचे उघड झाले. तिथला पासवर्ड 'अॅडमिन १२३' होता, असे वर्तमानपत्रांत आले. पोलिसांनी आपल्या लातूर, सांगलीकडच्या तरुणांनाही पकडले. म्हणजे अशा चोराला घराजवळ यावेच लागत नाही.

काही लोक म्हणतात, आमच्या घरी चोरण्यासारखे आहेच काय? मला हे पटत नाही. अंगणात आई असते, ताई असते. घर केव्हा रिकामे असते तेही कॅमेऱ्यात दिसते. घराची अब्रू धान्याच्या पोत्यापेक्षा मोठी आहे.

म्हणून माझे मत असे की, कॅमेरा बसवला त्याच दिवशी पासवर्ड बदलावा. तो लांब असावा. गावाचे नाव किंवा १२३४ ठेवू नये. बसवणाऱ्यालाही तो सांगू नये. कंपनीकडून अपडेट आले की करून घ्यावे. कॅमेऱ्याचे तोंड फाटकाकडे असावे, न्हाणीकडे किंवा शेजाऱ्याच्या अंगणाकडे नसावे.

शाळेत कॅमेरे असले तर शाळा व्यवस्थापन समितीच्या सभेत पालकांनी विचारावे, पासवर्ड कोणाकोणाजवळ आहे? चित्रे कोण पाहतो? असे विचारणे म्हणजे गुरुजींवर अविश्वास नव्हे. ती आम्हा मुलांची काळजी आहे.

कुंपणानेच शेत खाल्ले तर दाद कोणाकडे मागावी?

— एक विद्यार्थी, इयत्ता ४ थी